काय मोडले, कशाने मोडले : खान्देशातील अपघात-नोंदीची वाटचाल

मुंबई–आग्रा आणि सुरत–नागपूर हे दोन महामार्ग धुळ्यात एकमेकांना छेदतात आणि सोलापूरचा रस्ताही तिथेच येऊन मिळतो. पारोळा, एरंडोल, जळगाव, भुसावळ ही गावे सुरत–नागपूर मार्गावरचीच. केळीचे ट्रक, कापसाच्या गाड्या, परराज्यांतले कंटेनर आणि त्यांच्यामधून वाट काढणाऱ्या दुचाक्या, असा हा रस्ता. त्यावरच्या जखमींचा मोठा भार अनेक दशके जिल्हा रुग्णालयांनीच वाहिला.

१९८८ मध्ये धुळ्यात शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले. आज ते श्री भाऊसाहेब हिरे यांच्या नावाने ओळखले जाते आणि चक्करबर्डी परिसरात आहे. महाविद्यालयाबरोबर अस्थिरोग, शल्यचिकित्सा, भूलशास्त्र, न्यायवैद्यकशास्त्र हे विभाग एका छताखाली आले. या सगळ्यांच्या मागे, लोकांच्या नजरेत सहसा न येणारा आणखी एक विभाग असतो, तो म्हणजे मेडिकल रेकॉर्ड. डिस्चार्जनंतर केसपेपर तिथे जातात आणि जखमेला कोड मिळतो.

हे काम जगात जुने आहे. १८९३ मध्ये जाक बर्तियों यांनी मृत्यूच्या कारणांची आंतरराष्ट्रीय यादी मांडली. १९४८ मध्ये सहाव्या आवृत्तीपासून ती जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि मृत्यूबरोबर आजार व जखमाही तिच्यात बसल्या. १९९० मध्ये मंजूर झालेली दहावी आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१०, १९९४ पासून वापरात आली. भारतात १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याने मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय प्रमाणपत्राला आधार दिला होताच. पुढे वैद्यकीय परिषदेच्या निकषांतही आयसीडी-१० प्रमाणे वर्गीकरण आले.

अपघातग्रस्ताला एका कोडवर भागत नाही, दोन लागतात. पहिला काय मोडले ते सांगतो : मांडीच्या हाडाचा मधला भाग मोडला तर एस ७२.३, मेंदूच्या आवरणाखाली मारामुळे रक्त साकळले तर एस ०६.५. दुसरा कशाने मोडले ते सांगतो आणि तो व्ही या अक्षराने सुरू होतो. पादचारी व्ही ०१ ते ०९, दुचाकीस्वार २० ते २९, रिक्षातले ३० ते ३९, कारमधले ४० ते ४९. रात्री महामार्गावर उभ्या ट्रकला मागून कार धडकली आणि चालक जखमी झाला, तर व्ही ४४.५. शेजारी बसलेला असेल तर ४४.६. बैलगाडीला व्ही ८० आणि ट्रॅक्टरला व्ही ८४ मिळतो, हे पाहून जिनिव्हात बसलेल्या समितीने खान्देशचा आठवडे बाजार पाहिला असावा असे वाटते. काळीपिवळीच्या टपावर किंवा मागच्या पायरीवर लटकलेल्या माणसासाठीही स्वतंत्र अंक आहे : वाहनाच्या बाहेरच्या भागावरची व्यक्ती.

ही शिस्त कागदावर सुंदर दिसते. प्रत्यक्षात ती रुजवणे जड गेले, आणि केवळ खान्देशात नव्हे. कॅज्युअल्टीत एकाच वेळी चार जखमी आले की रक्त थांबवायचे की रकाने भरायचे, हा प्रश्नच उरत नाही. केसपेपरवर ‘अलेज्ड हिस्टरी ऑफ आरटीए’, म्हणजे रस्ता अपघात झाल्याचे सांगतात, एवढीच ओळ पडते. जखमी बेशुद्ध, आणणारा वाटसरू निघून गेलेला, नातेवाईक अजून वाटेत. त्या तीन अक्षरांवरून रेकॉर्ड विभागाला व्ही ८९.२ याखेरीज काही देता येत नाही, म्हणजे मोटार वाहनाचा अपघात, तपशील नाही. हाड नीट जुळते, पण हेल्मेट नसलेला स्वार कोणत्या वळणावर कशाला धडकला हे कायमचे हरवते. यातून वाट काढली ती अनेक हातांनी : एमएलसी म्हणजे वैद्यकीय-कायदेशीर प्रकरणांचे रजिस्टर भरणारे डॉक्टर, रुग्णालयाच्या चौकीतले हवालदार, पहिली माहिती टिपणाऱ्या सिस्टर, आणि अपुरा केसपेपर पुन्हा वॉर्डात पाठवणारे रेकॉर्ड कीपर. त्यांचा पाठपुरावा अनेकांना कटकटीचा वाटला असेल, तरी कोड सुधारले ते त्यामुळेच.

२ जुलै २०१२ रोजी राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना राज्यातील आठ जिल्ह्यांत सुरू झाली. त्यांत धुळे होते. पुढच्या वर्षी ती राज्यभर गेली आणि जळगावलाही मिळाली. २०१७ पासून ती महात्मा जोतिराव फुले यांच्या नावाने चालते. बहुविध दुखापतींवरचे उपचार तिच्यात असल्याने नोंदीला प्रथमच पैशाची किंमत आली. पॅकेजचा संकेतांक, एक्स-रे आणि निदान जुळले नाही तर मंजुरी अडते. २०१४ पासून १०८ क्रमांकाची रुग्णवाहिका आली आणि वाटेतली माहितीही कागदावर येऊ लागली.

२०१८ मध्ये जळगावात शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले आणि जिल्हा रुग्णालय त्याला जोडले गेले. पूर्व खान्देशाला स्वतःची शासकीय अध्यापन-संस्था मिळाली. दोन वर्षांतच कोविडचे ओझे आले, अपघातही थांबले नाहीत. फेब्रुवारी २०२१ मध्ये यावल तालुक्यातील किनगावजवळ पपईचा ट्रक उलटून किमान १५ मजूर गेले. ४ जुलै २०२३ रोजी शिरपूर तालुक्यातील पळासनेरला ब्रेक निकामी झालेला कंटेनर वाहनांना धडकत हॉटेलात घुसला आणि किमान १० जणांचा बळी गेला. आयसीडीच्या हिशेबाने किनगावचे मजूर विनाधडक उलटलेल्या अवजड वाहनातले, व्ही ६८. पळासनेरच्या एकाच दुर्घटनेत मात्र हॉटेलातला माणूस व्ही ०४, दुचाकीवरचा व्ही २४ आणि कारमधला व्ही ४४ ठरतो. बातमीत सगळे एका आकड्यात मोजले जातात. रस्ता दुरुस्त करणाऱ्याला ही वेगळी मोजणी हवी असते.

याच काळात शहरांतून मेडिकल कोडिंगचे वर्ग निघाले. अमेरिकेतल्या जखमांना कोड लावून पगार मिळवणारी मराठी मुले आता पुण्या-हैदराबादच्या कंपन्यांत आहेत. घरच्या महामार्गावरच्या जखमेला कोड लावणाऱ्याची खुर्ची तितकी प्रतिष्ठेची झालेली नाही, हेही नोंदवायला हवे.

आयसीडी-११ ला २०१९ मध्ये मान्यता मिळाली आणि १ जानेवारी २०२२ पासून ती लागू झाली. दहाव्या आवृत्तीच्या मूळ कोडमध्ये डावा पाय की उजवा हे सांगण्याची सोय नव्हती, ती आता आहे. केंद्राच्या ई-डार प्रणालीत पोलीस, परिवहन, रस्तेबांधणी विभाग आणि रुग्णालय एकाच अपघाताचा आपापला भाग भरतात. तिच्या आधीच्या आयरॅड या रूपाच्या पथदर्शी टप्प्यातल्या सहा राज्यांत महाराष्ट्र होते. मे २०२५ च्या योजनेने अपघातग्रस्ताला सात दिवसांपर्यंत, दीड लाख रुपयांपर्यंतचे रोकडविरहित उपचार दिले आणि तिचे दावे याच प्रणालीशी जोडले. त्यामुळे कॅज्युअल्टीत मध्यरात्री लिहिलेली ओळ आता पोलीस ठाण्यापर्यंत आणि रस्त्याच्या अभियंत्यापर्यंत जाऊ शकते.