किशोर साहू : 'गाईड'मधील मार्कोच्या पलीकडे

'गाईड' (1965) या चित्रपटातील मार्को प्रेक्षकांच्या सहसा विस्मरणात जात नाही. प्राचीन लेण्यांच्या शोधात बुडालेला आणि पत्नी रोझीची नृत्याची ओढ तुच्छ लेखणारा हा पुरातत्त्वज्ञ किशोर साहू यांनी साकारला होता. या नकारात्मक भूमिकेने त्यांना दीर्घकाळ ओळख दिली, परंतु त्याआधीच्या पाव शतकातील नायक, लेखक आणि दिग्दर्शक त्यामुळे झाकला गेला.

साहू यांचा जन्म 1915 चा. भिलाई-3 हे रायपूर आणि दुर्ग यांच्या दरम्यान, मुंबई-हावडा लोहमार्गावरील गाव. तेथून पश्चिमेकडे जाताना आधी दुर्ग आणि पुढे राजनांदगाव लागते. याच टापूत साहू यांचे बालपण गेले. भिलाईचा पोलाद कारखाना तेव्हा कल्पनेतही नव्हता आणि हा सारा मुलूख मध्य प्रांत व वऱ्हाडाशी जोडलेला होता. प्रांताची राजधानी नागपूर असल्याने उच्च शिक्षणासाठी तेथे जाणे स्वाभाविकच होते. साहू यांनी नागपूर विद्यापीठाची पदवी 1937 मध्ये घेतली. कथालेखनाची आवड त्यांना चित्रपटसृष्टीकडे घेऊन गेली.

त्याच वर्षी बॉम्बे टॉकीजच्या 'जीवन प्रभात'मध्ये ते देविका राणी यांच्यासमवेत झळकले. 'पुनर्मिलन' (1940) मध्ये त्यांच्या नायिका होत्या स्नेहप्रभा प्रधान. दोघांचा विवाहही झाला, पण तो अल्पकाळच टिकला. स्नेहप्रभाबाईंचे 'स्नेहांकिता' हे आत्मचरित्र 1973 मध्ये आले आणि गाजले. त्यामुळे अनेक मराठी वाचकांना साहू परिचित झाले ते प्रामुख्याने त्या पुस्तकातून, म्हणजे एका बाजूने.

दिग्दर्शक म्हणून साहू यांनी स्वतःला एका साच्यात अडकू दिले नाही. 'कुंवारा बाप' (1942) हा विनोदी, 'वीर कुणाल' (1945) हा शोभना समर्थ यांच्यासह ऐतिहासिक, तर 'सिंदूर' (1947) विधवा विवाहाचा प्रश्न मांडणारा होता. यांतील नायकही तेच होते.

'नदिया के पार' (1948) मध्ये मात्र त्यांनी दिलीपकुमार आणि कामिनी कौशल यांना पुढे केले आणि स्वतः लेखन-दिग्दर्शनाची बाजू सांभाळली. संगीत सी. रामचंद्र यांचे होते. जन्मभूमीच्या दृष्टीने हा चित्रपट विशेष महत्त्वाचा ठरतो, कारण त्यातील संवादांत छत्तीसगडी बोलीचा वापर झाला. पहिला छत्तीसगडी चित्रपट 'कहि देबे संदेस' पडद्यावर येण्यास त्यानंतर 17 वर्षे जावी लागली.

'काली घटा' (1951) मधून त्यांनी बीना राय यांना पडद्यावर आणले. 'मयूरपंख' 1954 च्या कान महोत्सवात दाखवला गेला. त्याच सुमारास त्यांनी शेक्सपियरचा 'हॅम्लेट' हिंदीत आणला. मुख्य भूमिका आणि दिग्दर्शन दोन्ही त्यांचेच आणि ओफेलियाच्या भूमिकेत माला सिन्हा. अर्थात हे धाडस होते.

नायकाचे वय मागे पडल्यावर त्यांनी 'काला पानी' (1958) मध्ये प्रतिष्ठित वकिलाची भूमिका केली. 'दिल अपना और प्रीत पराई' (1960) चे ते दिग्दर्शक होते. मीनाकुमारी आणि राजकुमार यांच्या या चित्रपटाची गाणी आजही ऐकली जातात, दिग्दर्शकाचे नाव मात्र फारसे कोणी घेत नाही. 'हरे काँच की चूडियाँ' (1967) मधून त्यांनी कन्या नैना हिला नायिका केले. 'हरे रामा हरे कृष्णा' (1971) मध्ये ते विभक्त कुटुंबातील पित्याच्या भूमिकेत दिसले.

ऑगस्ट 1980 मध्ये बँकॉक येथे त्यांचे निधन झाले. त्यांनी लिहून ठेवलेली 'मेरी आत्मकथा' मात्र पस्तीसहून अधिक वर्षांनी प्रकाशित झाली. तोवर छत्तीसगड स्वतंत्र राज्य झाले होते. पुढे राज्य शासनाने चित्रपट क्षेत्रासाठी त्यांच्या नावाने सन्मानही सुरू केला.