परागंदा, फरार, पसार

कुणाला न सांगता निघून जाण्याला मराठीत एक शब्द पुरत नाही. सरकारी कागदात असा माणूस ‘फरारी’ असतो, बातमीत ‘पसार’, जुन्या मोडी दप्तरात ‘परागंदा’. पोथीत त्याने ‘गृहत्याग’ केलेला असतो आणि गावाच्या पारावर तो नुसता ‘पळालेला’ असतो. क्रिया एकच, तरी तिचे नाव मागे राहिलेला ठेवतो. त्याचे काय बुडाले, त्याला काय सोसावे लागले आणि गेलेला परत यावा असे त्याला वाटते का, यावर शब्द ठरतो. 1 मे 1981 रोजी औरंगाबाद जिल्ह्यातून, परभणीकडचा परतूर तालुका जोडून, जालना जिल्हा वेगळा झाला. या एका जिल्ह्याच्या इतिहासात हे सगळे शब्द भेटतात.

यांतले सर्वांत जुने मूळ संस्कृत आहे. ‘पलायन’ हा ‘परा’ हा उपसर्ग आणि ‘अय्’ म्हणजे जाणे या धातूपासून झाला. या धातूपुढे उपसर्गातील र चा ल होतो, असे पाणिनीने सूत्रच केले आहे. त्याच ‘पलायते’पासून मराठी ‘पळणे’ आले. ‘फरार’ हा अरबी. तिथे ‘फिरार’ म्हणजे पळून जाण्याची क्रिया. मराठीने ते नाम घेऊन त्याचे विशेषण केले, म्हणून मराठीत माणूसच ‘फरार’ असतो. ‘परागंदा’ फारसी आहे, आणि त्याचा मूळ अर्थ पळण्याचा नाहीच. तो आहे ‘विखुरलेला’, ‘पांगलेला’. ही छटा पुढे फार महत्त्वाची ठरते.

बोलीतले वाक्प्रचार निरनिराळ्या धंद्यांतून आणि खेळांतून आले. ‘गाशा गुंडाळणे’ हा घोडदळाचा. गाशा म्हणजे खोगिरावरचे कापड. ते गुंडाळले की स्वाराचा मुक्काम हलला. ‘पोबारा’ हे फाशांच्या खेळातले दान आहे. पो म्हणजे एक आणि त्यावर बारा. हे दान चांगले मानले जाई. ज्याला ते पडले तो सुटला, असा भाव ‘पोबारा करणे’ यात शिल्लक आहे. ‘हातावर तुरी देणे’ यात पकडणाऱ्याची फजिती आहे, तर ‘काढता पाय घेणे’ यात जाणाऱ्याचा शहाणपणा. ‘चंबूगबाळे आवरणे’ यात गरिबी आहे, कारण चंबू आणि गबाळ यांपलीकडे उचलण्यासारखे घरात काही नसते.

जालना जिल्ह्यातले सर्वांत प्रसिद्ध गुप्त निर्गमन एका बारा वर्षांच्या मुलाचे आहे. घनसावंगी तालुक्यातील जांब या गावी शके 1530 मध्ये, म्हणजे इ.स. 1608 साली, रामनवमीला सूर्याजीपंत ठोसर आणि राणूबाई यांच्या पोटी नारायणाचा जन्म झाला. हेच पुढचे समर्थ रामदास. परंपरा सांगते की आसनगाव येथे त्यांचे लग्न ठरले, अंतरपाट धरला गेला, मंगलाष्टके सुरू झाली आणि ‘सावधान’ हा शब्द कानी पडताच मुलगा बोहल्यावरून निघून गेला. पुढची बारा वर्षे नाशिकजवळ टाकळी येथे तपश्चर्येत गेली, त्यानंतरची बारा वर्षे देशाटनात. जांबेला परतून आईची भेट झाली ती या चोवीस वर्षांनंतर, असे चरित्रपरंपरा मानते.

समर्थांच्या चरित्रकारांनी या घटनेला ‘गृहत्याग’ म्हटले. बौद्ध परंपरेत सिद्धार्थाने मध्यरात्री कपिलवस्तू सोडली, तिला ‘महाभिनिष्क्रमण’ असे भारदस्त नाव आहे. दोन्ही शब्द नंतर दिलेले आहेत. गेलेला माणूस कोण झाला हे कळल्यावरच ते सुचू शकतात. त्या दिवशी मांडवात उभ्या असलेल्या माणसांना ‘पळाला’ याखेरीज दुसरा शब्द मिळणे शक्य नव्हते. राणूबाईंच्या लेखी तर चोवीस वर्षे तो ‘बेपत्ता’च होता. ‘बेपत्ता’ या शब्दात जाणाऱ्याचा दोष कुठेच नाही, फक्त वाट पाहणाऱ्याचे दुःख आहे. घरची माणसे आजही पोलिसात तक्रार देताना हाच शब्द वापरतात.

एका माणसाऐवजी अख्खे गाव उठून जाते तेव्हा ‘परागंदा’ हा शब्द लागतो. सतराव्या शतकात हा मुलूख निजामशाही आणि मोगल यांच्या ओढाताणीत सापडला होता. त्यात 1630 ते 1632 या काळात दख्खनवर भीषण दुष्काळ पडला. सैन्याची वाट ज्या गावावरून जाई तिथली वैरण, धान्य आणि गुरे जात. मागे वसुली तेवढी राही. अशा वेळी कुणबी रातोरात निघत. सारा द्यायचा असल्याने सांगून जाणे शक्यच नव्हते. कागदात मग ‘रयत परागंदा’, ‘गाव बेचिराख’ अशी नोंद होई. ज्या जमिनीचा धनी नाहीसा झाला तिला ‘गतकुळी’ म्हणत.

या ‘परागंदा’त आळ कमी आणि चिंता जास्त आहे. पांगलेली माणसे गोळा करता येतात, म्हणून या शब्दाच्या मागोमाग दप्तरात दुसरा शब्द येतो: ‘कौल’. कौल म्हणजे वचन. पाटील-देशमुखांच्या मार्फत सरकार निघून गेलेल्या रयतेला लेखी वचन देई की परत या, मागचा तगादा लागणार नाही, पहिल्या वर्षी सारा थोडा आणि पुढे दरसाल वाढत पुऱ्या धाऱ्यावर येईल. या चढत्या आकारणीला ‘इस्तावा’ म्हणत. औरंगजेब दुसऱ्यांदा दख्खनचा सुभेदार असताना, 1650 नंतरच्या दशकात, त्याचा दिवाण मुर्शिदकुली खान याने पांगलेली रयत परत आणणे हेच आपले मोठे काम मानले. ओस गावांना त्याने मुकादम नेमले, बैल आणि बियाणे घेण्यासाठी तगाई दिली. पळालेल्या माणसाला बैलासाठी पैसे देणारा कारभार आजच्या वाचकाला नवलाचा वाटेल, पण त्या काळी जमीन मुबलक होती आणि कसणारे हात थोडे. रयत दंडाने परत येत नाही हे राज्यकर्त्याला अनुभवाने कळले होते.

मराठी मुलखात या विचाराला मिरासीच्या, म्हणजे जमिनीवरच्या वंशपरंपरागत मालकीच्या, हक्काची जोड होती. मिरासदार गाव सोडून गेला तरी त्याची मिरास लगेच बुडत नसे. जमीन दरम्यान उपऱ्याकडे कसायला दिली जाई. मूळ धनी किंवा त्याचा वारस कित्येक वर्षांनी परतला तर गोतसभेपुढे आपला हक्क मांडून ती मागू शके. पेशवाई बुडाल्यावर 1819 साली एल्फिन्स्टनने जो अहवाल लिहिला, त्यात या हक्काची आवर्जून दखल घेतली आहे. निघून गेलेल्याची आठवण गावाला ठेवावी लागे. तो कोणत्या घराचा, त्याचे शेत कोणते, हे पांढरीच्या, म्हणजे गावाच्या, स्मरणात असे. मराठी व्यवहाराने घडवलेल्या अनेक गोष्टींपैकी ही एक अतिशय उदार गोष्ट आहे.

लष्करी निर्गमनाचे उदाहरणही जालन्याशीच निगडित आहे. 1679 च्या नोव्हेंबरात मोगल सेनापती दिलेरखान विजापूरला वेढा घालून बसला असता त्याचा जोर तोडण्यासाठी शिवाजी महाराज मोगली मुलखात शिरले. त्या वेळी कागदोपत्री ‘जालनापूर’ असलेली ही पेठ सुमारे चार दिवस मराठ्यांच्या हाती होती. गावाबाहेर जान महंमद या साधूचा मठ होता. तिथे आसऱ्याला गेलेल्या धनिकांनाही त्या वेळी सोडले नाही, असे वृत्तांत सांगतात. परतीच्या वाटेवर संगमनेराजवळ रणमस्तखानाने गाठले. तीन दिवस झुंज झाली, सिधोजी निंबाळकर पडले. मोगलांची आणखी कुमक जवळ आली होती. तेव्हा हेर बहिर्जी नाईक याने फौजेला आडवाटेने काढले आणि तीन दिवस-तीन रात्रींच्या दौडीनंतर महाराज पट्टा किल्ल्यावर पोचले. तिथे विश्रांती घेतली म्हणून किल्ल्याचे नाव ‘विश्रामगड’ झाले.

याच महिन्यात संभाजीराजेही दिलेरखानाच्या छावणीतून गुपचूप बाहेर पडून विजापूरमार्गे पन्हाळ्याकडे निघाले. 4 डिसेंबरला ते तिथे पोचले. तेरा वर्षांपूर्वीची, 1666 सालची आग्र्याहून सुटका तर सर्वांना ठाऊक आहे. या तिन्ही प्रसंगांना मराठी माणूस ‘पलायन’ म्हणताना अडखळतो. त्याला ‘सुटका’, ‘निसटणे’, ‘हातावर तुरी देणे’ हे शब्द हवेसे वाटतात. याचा उगम निव्वळ अभिमानात शोधू नये. ‘पलायन’ म्हणजे कर्तव्य टाकून जाणे. इथे कर्तव्यासाठीच निघून जावे लागले होते. मोगली लेखकांच्या दृष्टीने मात्र असा प्रत्येक प्रसंग ‘फरार’च होता.

जाफराबाद-भोकरदनच्या बाजूला असलेल्या असई येथे 23 सप्टेंबर 1803 रोजी इंग्रज सेनापती वेलस्लीशी झालेल्या लढाईत हेच शब्द पुन्हा पणाला लागले. शिंदे-भोसल्यांच्या शंभराच्या आसपास तोफा इंग्रजांच्या हाती पडल्या. इंग्रजी वृत्तांत नागपूरकर भोसले रण सोडून गेल्याचे सांगतात. मराठी इतिहासलेखन ‘माघार’ म्हणते. माघारीत परतून लढण्याची शक्यता धरलेली असते, पळण्यात नसते. वर्षाअखेरीस झालेल्या सुर्जी-अंजनगावच्या तहाने शिंद्यांकडची जालन्याची ठाणी गेली आणि हा भाग निजामाच्या राज्यात स्थिरावला.

निजामी अमलाने मराठवाड्याच्या कानावर आणखी दोन शब्द घातले. तिथे आधी फारसी आणि 1884 पासून उर्दू ही राज्यकारभाराची भाषा होती. उर्दू कागदात फरारी आरोपीला ‘मफरूर’ म्हणतात. शब्द त्याच ‘फरार’च्या धातूचा. दुसरा ‘रूपोश’, म्हणजे ज्याने चेहरा झाकला तो. लॅटिनमधून इंग्रजी कायद्यात आलेल्या ‘ॲब्स्कॉन्ड’ या शब्दाचाही मूळ अर्थ लपणे असाच आहे. म्हणजे अरबीने पळणाऱ्या पायांकडे पाहिले, फारसी आणि लॅटिनने झाकलेल्या तोंडाकडे. 1947-48 च्या हैदराबाद मुक्तिसंग्रामात घरे सोडून सरहद्दीवरच्या कॅम्पांत गेलेले कार्यकर्ते निजाम सरकारला मफरूर होते. मराठीने त्यांच्यासाठी ‘भूमिगत’ हा शब्द घेतला, आणि तो मानाचा ठरला. पेन्शनच्या अर्जावर, स्मारकाच्या शिळेवर तो लिहिता येतो. 15 सप्टेंबर 1948 रोजी भारतीय फौज जालन्यात आली, दोन दिवसांनी हैदराबादने शरणागती पत्करली. नंतर पारडे फिरले. निजामाचा पंतप्रधान मीर लायक अली स्थानबद्ध होता. 1950 च्या मार्चमध्ये तो पहारा चुकवून पाकिस्तानात गेला, तेव्हा ‘फरार’ हा शब्द त्याच्या वाट्याला आला.

आजच्या कायद्यात ‘फरारी’ ही केवळ शिवी किंवा वर्णन उरलेले नाही. ती एक पायरी आहे. 1898 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम 87 व 88, 1973 च्या संहितेत 82 व 83, आणि 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत 84 व 85 अशी ही तरतूद चालत आली. वॉरंट निघालेला माणूस फरारी झाला आहे किंवा लपून बसला आहे असे न्यायालयाला सकारण वाटले, तर उद्घोषणा निघते. ती त्याच्या गावात ठळक जागी जाहीरपणे वाचायची, घरावर डकवायची, न्यायालयाच्या इमारतीवरही लावायची. हजर राहण्यासाठी किमान 30 दिवसांची मुदत द्यायची. त्यानंतर तो उद्घोषित गुन्हेगार ठरू शकतो. मालमत्तेवर टाच येऊ शकते, आणि नव्या संहितेच्या कलम 356 नुसार गंभीर प्रकरणात त्याच्या गैरहजेरीतही खटला चालवता येतो. घराच्या दारावर चिकटवलेला तो कागद म्हणजे जुन्या कौलाची उलटी बाजू आहे. कौल मागचे माफ करून बोलावी, उद्घोषणा मागचे मोजून बोलावते.

तरीही फरारी म्हणजे दोषी, असे कायदा मानत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1971 साली मत्रू खटल्यात स्पष्ट केले की केवळ पळून जाण्यावरून अपराधी मन सिद्ध होत नाही, कारण निरपराध माणूसही संशयाने घाबरून जातो. बातम्यांत हा विवेक टिकत नाही. तिथे ‘पसार’ आणि ‘फरार’ यांत एक बारीक भेद मात्र पाळला जातो. घटनास्थळावरून त्या क्षणी निघून गेलेला ‘पसार’ होतो आणि दिवस उलटूनही न सापडलेला ‘फरार’ राहतो. पुढाऱ्यांसाठी अलीकडे ‘नॉट रिचेबल’ रूढ झाला आहे. त्यात गुन्ह्याचा वास नाही, फोन बंद असल्याची तेवढी खबर आहे.

खेड्यात ‘परागंदा’ आता बोलण्यात फारसा येत नाही. अंबड, घनसावंगी, मंठा, परतूर या तालुक्यांतून दसरा-दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीला कुटुंबेच्या कुटुंबे जातात, आणि त्याला सरकारी भाषा ‘हंगामी स्थलांतर’ म्हणते. नवरा-बायकोच्या जोडीला ‘कोयता’ म्हणतात. मुकादमाकडून आगाऊ घेतलेली रक्कम म्हणजे ‘उचल’. हंगाम संपण्याआधी ती न फेडता माणसे रात्रीच निघाली, तर मुकादम ‘टोळी पळाली’ म्हणतो. सतराव्या शतकातल्या कुणब्यासारखीच हीही माणसे देणे अंगावर असताना अंधारात चालू लागलेली असतात, पण त्यांच्यासाठी कौल लिहिणारा कोणी नाही. फिटली नाही ती उचल पुढच्या हंगामाच्या हिशेबात चढते, आणि मुकादम ती वसूल करायला त्यांच्या गावी येतो.