तान्ही लेक आणि रंगमंच

आज ऐकूया जपानी गायिका शिझुको कासागी हिची गोष्ट. जन्म १९१४ चा. दत्तक आईवडिलांनी तिला ओसाका शहरात वाढवलं. पुढे ती गाण्यात नावारूपाला आली. जोडीदाराच्या घरून विरोध, म्हणून लग्न रखडलेलं. १९४७ च्या मे महिन्यात तो क्षयाने गेला आणि थोड्याच दिवसांत तिला मुलगी झाली. महायुद्धाने देश होरपळलेला, पदरात तान्हं लेकरू. त्याच वर्षी तिने र्‍योइची हात्तोरी यांचं ‘टोकियो बुगीवुगी’ हे उडत्या चालीचं गाणं गायलं. १९४८ साली ते जपानभर गाजलं. बाळाला ती थिएटरात सोबत न्यायची; पडद्यामागे दूध पाजायचं, की पुन्हा रंगमंचावर. पुढे गाणं थांबवून तिने अभिनय केला. १९८५ साली ती वारली. लेकीला तिने एकटीच्या कमाईवर वाढवलं. बायांनो, असं घर अर्धवट कसं म्हणायचं?