रमाबाईंचं उघडं दार

एका छोट्याशा क्रॉसवर कोणत्या भाषेतली अक्षरं असावीत, यावरून दोन बायकांमध्ये पत्रापत्री झाली होती. एक होत्या सिस्टर जेराल्डिन, इंग्लंडमधल्या वाँटेज गावच्या अँग्लिकन मठातल्या. दुसऱ्या पंडिता रमाबाई, नुकत्याच ख्रिस्ती झालेल्या. मठाच्या पद्धतीप्रमाणे क्रॉसवरची अक्षरं लॅटिन असत. रमाबाईंना ती संस्कृतात हवी होती. त्यांनी जेराल्डिनबाईंना जे विचारलं, त्याचा आशय असा: संस्कृतपेक्षा लॅटिनमध्ये जास्त चांगलं असं काय आहे? की ब्राह्मण संस्कृतला जसं पवित्र मानतात, तसंच काही तुमच्याही मनात आहे? संस्कृत पवित्र आहे म्हणून मला ती नकोय. ती माझ्या देशाची सर्वांत जुनी आणि सुंदर भाषा आहे, म्हणून हवी आहे.

माझ्या दृष्टीने पाठ्यपुस्तकातल्या रमाबाईंपेक्षा या पत्रांतल्या रमाबाई फार मोठ्या आहेत. पाठ्यपुस्तकात त्या विधवांसाठी आश्रम काढणाऱ्या समाजसुधारक म्हणून एका परिच्छेदात येतात. त्यांचं धर्मांतर एका वाक्यात, जरा घाईनेच उरकलेलं असतं. आपल्याकडे त्यावर दोनच प्रतिक्रिया ठरलेल्या आहेत. एक म्हणजे त्या मिशनऱ्यांच्या जाळ्यात सापडल्या. दुसरी म्हणजे काम महत्त्वाचं, धर्माचं काय घेऊन बसलात. मला दोन्ही पटत नाहीत. रमाबाईंसाठी धर्म हीच मुख्य गोष्ट होती, आणि जाळ्यात सापडलेली बाई अशी पत्रं लिहीत नाही.

त्या तिथवर कशा पोचल्या ते थोडक्यात. जन्म १८५८ चा. वडील अनंतशास्त्री डोंगरे यांनी बायकोला संस्कृत शिकवलं आणि तिने मुलीला. १८७० च्या दशकातल्या दुष्काळात आई-वडील गेले. भावाबरोबर पायी देश फिरत १८७८ मध्ये रमाबाई कलकत्त्याला आल्या, आणि तिथे त्यांना ‘पंडिता’ व ‘सरस्वती’ या पदव्या मिळाल्या. बिपिनबिहारी मेधावी यांच्याशी जात ओलांडून नोंदणी विवाह केला, पण दोन वर्षांच्या आत पतीचं निधन झालं. पदरी मनोरमा नावाची तान्ही मुलगी. १८८२ मध्ये त्या पुण्यात आल्या, आर्य महिला समाज काढला आणि पुढच्याच वर्षी इंग्लंडला गेल्या. डॉक्टर होण्याचा विचार होता, पण कमी ऐकू येत असल्यामुळे ते जमलं नाही. सोबत आलेल्या आनंदीबाई भगत यांनी वाँटेजमध्ये आत्महत्या केली. त्यानंतर थोड्याच दिवसांत, २९ सप्टेंबर १८८३ रोजी, रमाबाईंनी मनोरमेसह बाप्तिस्मा घेतला.

का घेतला? पुढे त्यांनी स्वतःच सांगितलंय. शास्त्रं वाचताना त्यांना एक गोष्ट खटकत राहिली. बाकी हजार बाबतींत एकमेकांशी न जुळणारे ग्रंथ स्त्री आणि शूद्र यांना मोक्षापासून दूर ठेवण्यात मात्र एकमताचे होते. आणि लंडनमध्ये फुलहॅमला त्यांनी सिस्टरांचा एक आश्रम पाहिला. समाजाने ‘पतित’ ठरवलेल्या बायकांना तिथे प्रेमाने सांभाळलं जात होतं. अशा बाईला जवळ करणारा धर्म असू शकतो, हे त्यांना नवीन होतं. म्हणजे त्यांच्या श्रद्धेचं मूळ तत्त्वचर्चेत कमी आणि अशा दृश्यात जास्त आहे. नेहेम्या गोऱ्हे यांच्यासारख्या पंडित ख्रिस्त्याच्या युक्तिवादांचाही त्यात वाटा होताच.

खरी गंमत बाप्तिस्म्यानंतर सुरू होते.

चेल्टनहॅमच्या लेडीज कॉलेजात त्या शिकू लागल्या, आणि त्यांनी तिथे तरुण पुरुषांना भारतीय भाषा शिकवाव्यात अशी एक सूचना पुढे आली. हिंदुस्थानातल्या बिशपांकडून विरोध आला. बाईने पुरुषांना शिकवलं तर मायदेशी तिची पत जाईल, असा मुद्दा होता. रमाबाईंनी आश्चर्य व्यक्त केलं: माझ्या वडिलांना आणि नवऱ्याला ज्यात काही वावगं वाटलं नाही, ते या इंग्रज मंडळींना वाटतंय! हे वाचताना मला हसू येतं, पण वाद गमतीचा नव्हता. रमाबाईंना त्रैक्याचा सिद्धांत आहे तसा गिळता येत नव्हता. चर्चचे सगळे पंथ सोडून अँग्लिकन पंथच खरा का, हेही त्यांना कळत नव्हतं. त्या शाकाहारी राहिल्या, तर त्यातही जेराल्डिनबाईंना जातीचा जुना अभिमान दिसला.

मे १८८५ मध्ये रमाबाईंनी जेराल्डिनबाईंना एक लांब पत्र लिहिलं. त्याचा गाभा असा: मलाही सदसद्विवेक आहे, मन आहे, निर्णयशक्ती आहे. देवाने मला जे करण्याची शक्ती दिली आहे, ते मला करू द्या. हिंदुस्थानातल्या पुरोहितवर्गाचं जू मी मोठ्या कष्टाने मानेवरून उतरवलंय, आता तसलंच दुसरं जू घेणार नाही. आणि त्यालाच जोडून त्या एक फरक करतात, जो मला फार महत्त्वाचा वाटतो. स्वातंत्र्य म्हणजे बेबंदपणा नव्हे. देवाच्या वचनाची आज्ञा पाळणं वेगळं आणि बिशपांच्या तोंडून पडलेला प्रत्येक शब्द झेलणं वेगळं.

जेराल्डिनबाईंना खलनायिका करणं सोपं आहे. पण त्यांचीही एक बाजू होती. श्रद्धा ही एकट्याने जुळवायची गोष्ट नाही, शतकानुशतकांच्या समुदायात राहून, नम्रतेने शिकायची गोष्ट आहे, असं त्यांना मनापासून वाटत होतं. प्रत्येकाने आपल्यापुरता धर्म ठरवला तर चर्च उरेलच कुठे? हा प्रश्न ख्रिस्ती परंपरेत जुना आहे, आणि त्याचं उत्तर रमाबाईंनी पूर्णपणे दिलं असं मी म्हणणार नाही. मात्र ही सगळी पत्रं जपून, लावून ठेवली ती जेराल्डिनबाईंनीच. १९७७ मध्ये ती महाराष्ट्र राज्य साहित्य संस्कृती मंडळाने प्रसिद्ध केली, आणि संपादक होते ए. बी. शहा, इहवादी विचारांचे. रमाबाई भांडल्या ते आपल्याला कळतं, ते ज्यांच्याशी त्या भांडल्या त्यांच्यामुळे.

इकडे पुण्यात लोक संतापले होते. अपवाद जोतीराव फुल्यांचा. १८८५ मध्ये त्यांनी ‘सत्सार’मध्ये रमाबाईंची बाजू घेतली.

स्वतःसाठी मागितलेलं स्वातंत्र्य दुसऱ्याला देण्याची वेळ आली ती पुढे. १८८६ मध्ये आनंदीबाई जोशींच्या पदवीदान समारंभासाठी रमाबाई अमेरिकेला गेल्या, तिथे उच्चवर्णीय हिंदू स्त्रीच्या स्थितीवर इंग्रजीत पुस्तक लिहिलं, आणि बोस्टनमध्ये त्यांच्या कामासाठी मंडळ स्थापन झालं. दहा वर्षं पैसा मिळणार होता. अट अशी की शाळेत धर्मशिक्षण द्यायचं नाही. ११ मार्च १८८९ रोजी मुंबईत शारदा सदन सुरू झालं, पुढच्या वर्षी ते पुण्यात आलं. मुलींना आपापले आचार पाळायची मुभा होती. सल्लागारांत रानडे आणि भांडारकर होते.

रमाबाई मात्र रोज सकाळी आपल्या खोलीत मनोरमेबरोबर प्रार्थना करत, आणि खोलीचं दार उघडं असे. हळूहळू काही मुली आत येऊन बसू लागल्या.

१८९३ चं वादळ या दारावरून झालं. ‘केसरी’ने झोड उठवली. सल्लागारांचं म्हणणं होतं की हे मुलींवर वळण पाडणंच आहे. रमाबाईंनी दार लावायला नकार दिला. हिंदू आई घरात उघडपणे पूजा करते, मुलं पाहतात. मी या मुलींची आई आहे, मग माझा देव मी कडी लावून का पुजायचा? सल्लागारांनी राजीनामे दिले, पालकांनी मुली भराभर काढून नेल्या.

या वादात मी कुणाच्या बाजूने आहे, हे ठरवायला मला वेळ लागला. उघडं दार निष्पाप नसतं. बारा-तेरा वर्षांची, केस काढलेली, घराने टाकलेली मुलगी जिच्यामुळे पहिल्यांदा पोटभर जेवते आणि पुस्तक वाचते, त्या बाईच्या देवाकडे ती ओढली जाणारच. कुणी जबरदस्ती केली नाही म्हणून ती निवड पूर्ण मोकळी ठरत नाही. रानडे-भांडारकरांची काळजी निव्वळ कर्मठपणा नव्हती. पण त्याच सदनातल्या अगदी सुरुवातीच्या विद्यार्थिनींपैकी एक, विधवा गोदूबाई, तिथे शिकल्या, ख्रिस्ती झाल्या नाहीत, आणि १८९३ मध्येच धोंडो केशव कर्व्यांशी विवाह करून आनंदीबाई झाल्या. कर्व्यांनी तीन वर्षांनी हिंदू विधवांसाठी वेगळा आश्रम काढला. म्हणजे दारातून बाहेरही जाता येत होतं. आणि ज्यांना रमाबाईंचा धर्म नको होता, त्यांना रमाबाईंचं काम करणं भाग पडलं. माझा कौल रमाबाईंना, पण काठावरचा.

केडगावला आल्यावर हा कौल आणखी डळमळतो. १८९६-९७ च्या दुष्काळात रमाबाई मध्य प्रांतात गेल्या. दुष्काळ म्हणजे काय हे त्यांनी पोटाने जाणलं होतं. त्यांनी शेकडो मुली आणि बायका उचलून आणल्या. त्यात सगळ्या जाती होत्या. १९०० च्या गुजरातच्या दुष्काळानंतर ‘मुक्ती’मधला आकडा दोन हजारांच्या आसपास गेला. विणकाम, छापखाना, शेती, अंध मुलींसाठी ब्रेल, सगळं तिथे होतं. पण इथे बोस्टनची जुनी अट नव्हती. ‘मुक्ती’ उघडपणे ख्रिस्ती संस्था होती, आणि शेकडो मुलींचा बाप्तिस्मा झाला. शारदा सदनातल्या मुलीला परत न्यायला निदान बाप होता. केडगावच्या मुलीला परत जायला घरच नव्हतं. जिला जू नको होतं, ती आता हजारो जणींची माय होती, आणि मायेचंही एक वजन असतं. मात्र हा आक्षेप घेताना मला दुसराही प्रश्न टाळता येत नाही. त्या रेल्वे स्टेशनांवर आणि दुष्काळी छावण्यांत या मुलींना न्यायला आणखी कोण कोण आलं होतं? कुंटणखान्यासाठी मुली हेरणारे आले होते, असं रमाबाईंनी लिहून ठेवलंय. आक्षेप घेणारे पुढारी फार थोडे आले.

रमाबाईंचं स्वातंत्र्य फक्त पुण्याच्या कर्मठांविरुद्ध होतं असंही नाही. १८९७ मध्ये प्लेगच्या बंदोबस्तात पुण्यातल्या रुग्णालयांत आणि छावण्यांत बायकांचे काय हाल होतात, आपल्याकडची एक मुलगी तिथून कशी नाहीशी झाली, हे त्यांनी ‘बॉम्बे गार्डियन’ला पत्र लिहून जाहीर केलं. प्रकरण ब्रिटिश संसदेपर्यंत गेलं. गव्हर्नरांनी आरोप फेटाळले. सरकार ख्रिस्ती राज्यकर्त्यांचं आहे, म्हणून रमाबाई गप्प बसल्या नाहीत.

शेवटची अनेक वर्षं त्यांनी बायबलच्या मराठी भाषांतराला दिली. त्यासाठी हिब्रू आणि ग्रीक शिकल्या. आधीच्या भाषांतरातली मराठी त्यांना फार संस्कृतप्रचुर वाटत होती. केडगावच्या न शिकलेल्या बाईला ऐकून कळेल असे शब्द त्यांनी निवडले, आणि हिंदू पूजाविधीचा वास येणारे संस्कृत शब्द शोधून शोधून बाहेर काढले. क्रॉसवर संस्कृतसाठी हटून बसलेल्या त्याच या रमाबाई. भांडारकरांसारखे विद्वान ही मराठी वाचून काय म्हणाले असते कोण जाणे. खिळे जुळवण्यापासून छपाईपर्यंतचं काम ‘मुक्ती’तल्या बायकांनी केलं. ५ एप्रिल १९२२ रोजी रमाबाई गेल्या. मनोरमा आदल्याच वर्षी गेली होती. ते भाषांतर चर्चमध्ये काही रुळलं नाही.