मेथीचा घोळाणा

मलिक अंबरानें १६१० सालीं खडकी वसविली. पुढें औरंगजेबाच्या नांवावरून ती औरंगाबाद झाली, आणि २०२३ सालीं छत्रपति संभाजीनगर. नगराच्या नांवांचा हा इतिहास आम्हांस तोंडपाठ असतो. परंतु भोंवतालच्या खेड्यांत भाकरीबरोबर खाल्ल्या जाणाऱ्या घोळाण्याचा इतिहास आम्ही कधीं विचारीत नाहीं.

कोवळी मेथी धुऊन बारीक चिरावी. तींत कांदा, हिरवी मिरची, मीठ व शेंगदाण्याचें कूट घालावें, वर कच्चें तेल सोडावें आणि हलक्या हातानें सर्व घोळावें. चुलीची गरज नाहीं. मिठानें पाला नरमतो, तेलाकुटानें कडूपणा सौम्य होतो. पण तो अगदींच लोपत नाहीं, आणि तेंच या पदार्थाचें मर्म होय.

घोळाणा अनादि आहे असें कोणी म्हणेल, तर तें अर्धेंच खरें. मेथिका व पलांडु हे शब्द संस्कृतांत जुने आहेत. मिरची व भुईमूग मात्र मूळचे अमेरिकेंतले. मिरची पोर्तुगीजांबरोबर सोळाव्या शतकांत आली. भुईमुगाची लागवड तर दख्खनेंत एकोणिसाव्या शतकांत फैलावली. मलिक अंबराच्या खडकींत आजच्या रूपाचा घोळाणा असणें संभवत नाहीं.

म्हणून कांहीं तो परका ठरत नाहीं. समुद्रापलीकडून आलेलीं हीं पिकें आमच्या शिवारांत रुजलीं आणि जुन्या पाल्याच्या कडूपणास त्यांनीं सोबत दिली. परंपरेच्या शुद्धतेविषयीं वाद घालणारांनीं भाकरीच्या एका घांसाबरोबर याचा विचार करावा.