तबस्सुम यांची दूरचित्रवाणी कारकीर्द : स्मरणरंजन आणि चित्रपटाचा इतिहास

प्रस्तावना :
चित्रपटाचा इतिहास लिहिताना चित्रपट, जाहिराती व समकालीन समीक्षा ही साधने प्रमाण मानली जातात. जुन्या कलावंतांच्या आठवणी जागविणारे दूरचित्रवाणीवरील निवेदन मात्र निव्वळ स्मरणरंजन म्हणून बाजूला ठेवले जाते. तबस्सुम (१९४४-२०२२) यांच्या कारकिर्दीच्या आधारे या समजुतीचा फेरविचार करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

साक्षीदार ते निवेदक :
मुंबईत जन्मलेल्या तबस्सुम १९४७ पासून 'बेबी तबस्सुम' या नावाने पडद्यावर येऊ लागल्या. 'दीदार' (१९५१) मध्ये नर्गिस यांच्या, तर 'बैजू बावरा' (१९५२) मध्ये मीनाकुमारी यांच्या व्यक्तिरेखेचे बालपण त्यांनी साकारले. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले आणि त्याच वर्षी 'फूल खिले हैं गुलशन गुलशन' हा त्यांचा मुलाखतींचा कार्यक्रम आला. तो १९९३ पर्यंत, म्हणजे २१ वर्षे चालला. चित्रपटसृष्टीतील माणसांशी त्या परक्या वार्ताहराच्या नव्हे, तर घरच्या व्यक्तीच्या नात्याने बोलत.

पुढे 'टीव्ही एशिया' वाहिनीवर अमेरिका व कॅनडातील प्रेक्षकांसाठी 'अभी तो मैं जवान हूँ' आणि उत्तरायुष्यात यूट्यूबवर 'तबस्सुम टॉकीज' हे कार्यक्रम त्यांनी केले. या टप्प्यावर त्यांची भूमिका पालटली. पूर्वी त्या इतरांना बोलते करीत. आता त्या पिढीतील अनेक जण हयात नसल्याने त्यांची स्वतःची आठवण हेच साधन झाले.

फ्रान्समध्ये गीतकार पास्कल सेवरॉं यांनी १९८४ ते २००० या काळात 'ला शॉंस ओ शॉंसों' या कार्यक्रमातून जुन्या गीतांना व गायकांना पुन्हा व्यासपीठ दिले. तेथे भर गायनावर होता. तबस्सुम यांचा भर संभाषणावर राहिला.

खानदेशचा संदर्भ :
मुंबई केंद्राचे आरंभीचे प्रक्षेपण खानदेशापर्यंत पोहोचत नव्हते. त्याच केंद्रावर बातम्या देणाऱ्या स्मिता पाटील यांचे घराणे शिरपूरचे. तरी त्यांच्या गावच्या लोकांना त्या दूरचित्रवाणीवर दिसणे तेव्हा शक्य नव्हते. धरणगाव, जळगाव, धुळे येथील रसिकांची चित्रपटस्मृती घडविली ती चित्रपटगृहांनी आणि आकाशवाणीने. १९५२ पासून रेडिओ सिलोनवर गाजलेली अमीन सयानी यांची 'बिनाका गीतमाला' व १९५७ मध्ये सुरू झालेली 'विविध भारती' यांनी गाणी घरोघरी नेली. परंतु त्या गाण्यांमागील माणसे मुंबई-पुण्याच्या प्रेक्षकांना आधी भेटली. म्हणजेच 'सुवर्णकाळा'ची आठवण सर्वांची एकसारखी नाही. प्रक्षेपकाच्या टप्प्यानुसार ती घडली आहे.

मर्यादा :
आपुलकीच्या बैठकीत मानधनाचे वाद, बालकलावंतांचे कष्ट, अपयश यांना वाव कमी राहतो. गौरवाची भाषा चिकित्सेची जागा घेते. शिवाय वारंवार सांगितलेली आठवण हळूहळू घोटीव किस्सा बनते. तिची इतर साधनांशी पडताळणी आवश्यक ठरते.

निष्कर्ष :
तबस्सुम यांचे निवेदन हा चित्रपटसृष्टीचा परिपूर्ण इतिहास नव्हे. तो एका साक्षीदाराचा जबाब आहे. त्यातील मौनांसह तो वाचला, तर मौखिक इतिहासाचे मोलाचे साधन ठरतो. खानदेशातील ज्येष्ठ श्रोते व चित्रपटगृहांतील कामगार यांच्या आठवणीही अशाच साक्षी आहेत. त्या नोंदवून ठेवण्याचे काम या भागातील महाविद्यालयांना करता येण्याजोगे आहे. साक्षीदार हयात आहेत तोवरच ते शक्य आहे.