द सिम्स मालिकेतील छायाचित्रण

द सिम्स मालिकेतील छायाचित्रण म्हणजे 'द सिम्स' या जीवन-सदृशीकरण, अर्थात लाइफ सिम्युलेशन, प्रकारातील संगणकीय खेळांमध्ये आभासी पात्रांची, त्यांच्या घरांची व प्रसंगांची स्थिरचित्रे टिपण्याची पद्धती होय. या खेळातील पात्रांना 'सिम' असे म्हणतात. खेळाला ठरावीक शेवट किंवा जय-पराजय नसल्यामुळे सिमच्या आयुष्यात घडलेल्या गोष्टींची नोंद ठेवण्याचे काम बऱ्याच अंशी छायाचित्रेच करतात. त्यामुळे मालिकेच्या पहिल्या भागापासूनच छायाचित्रणाला तीत स्थान मिळाले आहे.

खेळांतर्गत छायाचित्रणात भिंग, प्रकाशसंवेदक किंवा प्रत्यक्ष प्रकाश नसतो. तरीही चौकट निवडणे, प्रकाशाची दिशा ओळखणे, पार्श्वभूमी साधी ठेवणे आणि योग्य क्षणाची वाट पाहणे ही प्रत्यक्ष छायाचित्रणातील तत्त्वे येथेही लागू पडतात. सिम स्वतःच्या इच्छेने हालचाली करू शकतात. त्यामुळे या छायाचित्रणाचे स्वरूप कधी स्टुडिओतील व्यक्तिचित्रणासारखे, तर कधी रस्त्यावरील छायाचित्रणासारखे असते.

इतिहास

'द सिम्स' हा मालिकेतील पहिला खेळ ४ फेब्रुवारी २००० रोजी प्रकाशित झाला. विल राइट हे त्याचे रचनाकार असून मॅक्सिस या संस्थेने त्याची निर्मिती केली व इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने तो प्रकाशित केला. या खेळात दृश्य तिरप्या कोनातून, वरून दिसे. ते चार दिशांना वळवता येई व तीन टप्प्यांत जवळ किंवा दूर नेता येई. चेहरा जवळून टिपण्याची सोय नसली, तरी प्रत्येक कुटुंबासाठी छायाचित्रसंग्रह ठेवण्याची सुविधा होती. टिपलेल्या चित्राखाली मजकूर लिहिता येई आणि असा संग्रह खेळाच्या संकेतस्थळावर इतरांसाठी ठेवता येई. अनेक खेळाडूंनी या सुविधेचा उपयोग चित्रकथा रचण्यासाठी केला.

१४ सप्टेंबर २००४ रोजी आलेल्या 'द सिम्स २' मध्ये संपूर्ण खेळ त्रिमितीय झाला. दृश्य कोणत्याही कोनातून पाहणे शक्य झाल्यामुळे व्यक्तिचित्रणाला खरी सुरुवात या भागापासून झाली. चलचित्र टिपण्याची सोयही त्यात होती. चित्राला दाणेदारपणा आणणे, कडा गडद करणे, वर-खाली काळ्या पट्ट्या देऊन चित्रपटासारखी चौकट करणे असे परिणाम लिखित आज्ञांद्वारे साधता येत.

'द सिम्स ३' हा भाग २ जून २००९ रोजी प्रकाशित झाला. त्यात संपूर्ण गाव एकसंध असल्यामुळे घराबाहेरील दृश्ये टिपण्यास मोठा वाव मिळाला. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये आलेल्या 'वर्ल्ड ॲडव्हेंचर्स' या विस्तारसंचात छायाचित्रण हे सिमने शिकण्याचे कौशल्य म्हणून समाविष्ट झाले. फ्रान्स, इजिप्त व चीन या देशांवर बेतलेल्या स्थळांचा प्रवास हा त्या संचाचा विषय होता.

'द सिम्स ४' हा भाग २ सप्टेंबर २०१४ रोजी आला. त्यात सिमच्या भावनांना महत्त्व देण्यात आले. आनंद, दुःख, राग, संकोच इत्यादी अवस्था चेहऱ्याप्रमाणेच उभे राहण्याच्या व चालण्याच्या ढबीतूनही दिसू लागल्या. मार्च २०१५ मधील 'गेट टू वर्क' या विस्तारसंचाने छायाचित्रणाचे कौशल्य व स्टुडिओची साधने आणली. ऑगस्ट २०१९ मध्ये 'मोस्किनो स्टफ' या संचातून फॅशन छायाचित्रकाराचा मुक्त व्यवसाय उपलब्ध झाला. १८ ऑक्टोबर २०२२ पासून 'द सिम्स ४' चा मूळ खेळ विनामूल्य करण्यात आला.

दोन प्रकारचे कॅमेरे

या खेळातील छायाचित्रे दोन वेगळ्या दृष्टींतून टिपली जातात.

खेळाडूचा कॅमेरा: पडद्यावर दिसणारे दृश्य खेळाडू थेट साठवतो. हा कॅमेरा कथेबाहेरचा असतो. सिमना सहसा त्याची जाणीव नसते व त्या सहसा त्याच्याकडे पाहत नाहीत. अशी चित्रे संगणकावरील खेळाच्या 'स्क्रीनशॉट्स' या फोल्डरमध्ये जमा होतात.

सिमचा कॅमेरा: येथे एक सिम दुसऱ्या सिमचे, स्वतःचे किंवा देखाव्याचे छायाचित्र काढते. खेळाडू चौकट ठरवतो. पण मिळणारे छायाचित्र ही खेळातील वस्तू असते. ते भिंतीवर टांगता येते किंवा विकता येते. या प्रकारात समोरचे पात्र कॅमेऱ्याकडे पाहते व ठरावीक पवित्रे घेते.

पहिल्या प्रकारात स्वातंत्र्य अधिक असते, तर दुसऱ्यात छायाचित्र कुटुंबाच्या इतिहासाचा भाग बनते. आजीचे तरुणपणीचे चित्र नातवंडांच्या काळातही घराच्या भिंतीवर राहू शकते. सिम वृद्ध होऊन मरण पावत असल्याने अशा चित्रांना खेळाडूंच्या लेखी विशेष मोल असते.

तंत्र

कॅमेऱ्याचे नियंत्रण

'द सिम्स ४' च्या संगणकीय आवृत्तीत टॅब ही कळ दाबल्यावर मुक्त कॅमेरा सुरू होतो. माउसने दिशा बदलते, डब्ल्यू, ए, एस व डी या कळांनी कॅमेरा पुढे-मागे व बाजूला सरकतो, क्यू व ई कळांनी तो वर-खाली होतो आणि झेड व एक्स कळांनी दृश्य जवळ किंवा दूर येते. चित्र सी या कळेने टिपले जाते. कंट्रोलसह ५ ते ९ पैकी एखादा अंक दाबल्यास कॅमेऱ्याची जागा साठवली जाते व पुढे केवळ तो अंक दाबून तेथे परतता येते. एकाच जागेवरून निरनिराळ्या वेळी चित्रे टिपायची असल्यास, उदाहरणार्थ एखाद्या मुलाची वाढ दाखवायची असल्यास, ही सोय उपयुक्त ठरते.

खेळताना दृश्य सहसा उंचावरून पाहिले जाते. त्याच उंचीवरून टिपलेल्या चित्रात डोके मोठे व शरीर आखूड दिसते आणि पार्श्वभूमीत केवळ जमीन येते. म्हणून व्यक्तिचित्रासाठी कॅमेरा पात्राच्या डोळ्यांच्या पातळीवर आणला जातो. लहान मुलांच्या बाबतीत तो आणखी खाली न्यावा लागतो.

अंतर व चेहऱ्याची ठेवण

चेहरा मोठा दिसण्याचे दोन मार्ग आहेत: कॅमेरा पात्राजवळ नेणे किंवा दूर राहून दृश्यकोन अरुंद करणे. कॅमेरा फार जवळ नेल्यास नाक व कपाळ प्रमाणाबाहेर मोठे दिसतात. कॅमेरा मागे नेऊन दृश्य जवळ आणल्यास चेहऱ्याची प्रमाणे अधिक नैसर्गिक राहतात व पार्श्वभूमीचा कमी भाग चौकटीत येतो. प्रत्यक्ष छायाचित्रणात व्यक्तिचित्रांसाठी अधिक नाभीय अंतराची भिंगे वापरली जातात, त्यामागील कारणही हेच आहे.

प्रकाश

घराबाहेर प्रकाशाची दिशा व रंग खेळातील घड्याळानुसार बदलतात. सूर्य माथ्यावर असताना डोळ्यांखाली व हनुवटीखाली गडद सावल्या पडतात. सूर्योदयानंतर व सूर्यास्तापूर्वी प्रकाश तिरपा व उबदार रंगाचा असल्याने चेहऱ्याचे उंचसखलपण उठून दिसते. घरात प्रकाश मुख्यतः दिव्यांपासून मिळतो. 'द सिम्स ४' मध्ये दिव्याची तीव्रता व रंग बदलता येतात. त्यामुळे छताचा दिवा मंद करून एका बाजूला उभा दिवा ठेवला, तर साध्या खोलीतही स्टुडिओसारखी प्रकाशयोजना करता येते.

क्षण व हावभाव

खेळ थांबवलेल्या अवस्थेतही कॅमेरा फिरवता येतो. त्यामुळे हालचाल गोठवून चौकट सावकाश ठरवणे शक्य होते. मात्र थांबवलेल्या क्षणी पात्राचे डोळे अर्धवट मिटलेले किंवा ओठ वाकडे असू शकतात. त्यासाठी खेळ थोडा पुढे सरकवून थांबवणे व एकाच प्रसंगाची अनेक चित्रे टिपणे हा उपाय केला जातो. हवा असलेला भाव आज्ञेने आणण्यापेक्षा तशी परिस्थिती निर्माण करणे अधिक परिणामकारक ठरते. दुःखी सिमचा चेहरा व खांदे आपोआप उतरतात आणि जिवलग मित्र भेटल्यावर हास्यही सहज येते. याउलट, पात्राने जागेवर स्थिर राहावे अशी गरज असल्यास खेळाच्या पर्यायांतून त्याची स्वायत्तता बंद करता येते.

पार्श्वभूमी व पडद्यावरील चिन्हे

सिमच्या डोक्यावर तरंगणारा हिरवा स्फटिक, अर्थात प्लंबॉब, तसेच विचारांचे फुगे चित्रात अडथळा आणतात. 'द सिम्स ४' मध्ये कंट्रोल, शिफ्ट व सी या कळा एकत्र दाबून उघडणाऱ्या चौकोनात 'हेडलाइनइफेक्ट्स ऑफ' ही आज्ञा रोमन लिपीत दिल्यास ते दिसेनासे होतात. घरातील चित्र टिपण्यापूर्वी भिंती पूर्ण उंचीच्या ठेवणे आवश्यक असते. अन्यथा पार्श्वभूमीत कापलेल्या भिंती दिसतात. पात्राच्या डोक्यामागून खांब किंवा झाड उगवल्यासारखे दिसू नये, यासाठी कॅमेरा किंचित बाजूला घेणे पुरेसे असते.

चित्राची प्रत

चित्राची स्पष्टता संगणकाच्या क्षमतेवर व खेळातील मांडणीवर अवलंबून असते. कडा गुळगुळीत करण्याचा पर्याय सुरू नसल्यास केस व कपड्यांच्या कडा दातेरी दिसतात. 'द सिम्स ४' मध्ये पात्रांचे पोत असंपीडित ठेवण्याचाही पर्याय असून तो निवडल्यास त्वचा, भुवया व डोळे जवळून अधिक स्पष्ट दिसतात. कमी क्षमतेच्या संगणकावर खेळताना साधी मांडणी ठेवून केवळ चित्र टिपण्यापुरती ती वाढवण्याची पद्धत आढळते.

खेळाडूंनी निर्माण केलेली साधने

संगणकीय आवृत्तीत खेळाडूंनी तयार केलेले मॉड वापरता येतात. पात्राला ठरावीक पवित्रा देणारे मॉड व त्यासाठीचे पवित्र्यांचे संच विशेष प्रचलित आहेत. 'द सिम्स ४' साठीचे असे पवित्रे प्रामुख्याने ब्लेंडर या त्रिमितीय प्रणालीत व 'सिम्स ४ स्टुडिओ' या साधनाच्या साहाय्याने तयार केले जातात. रीशेड या प्रणालीद्वारे पार्श्वभूमी धूसर करणे, सावल्या गडद करणे व रंगछटा बदलणे शक्य होते. प्लेस्टेशन व एक्सबॉक्स या कन्सोलवरील 'द सिम्स ४' मध्ये मॉड चालत नाहीत. तेथे खेळातील मूळ सुविधांवरच अवलंबून राहावे लागते.

त्वचावर्णाचा प्रश्न

जवळून टिपलेल्या छायाचित्रांमुळे खेळाची एक उणीव ठळकपणे दिसून आली. 'द सिम्स ४' मध्ये सावळ्या व काळ्या त्वचेच्या छटा मोजक्या होत्या व त्या प्रकाशात राखाडी किंवा डागाळलेल्या दिसत. या छटांचे सिम निर्माण करणाऱ्या खेळाडूंनी याविरुद्ध दीर्घकाळ आवाज उठवला आणि अनेकांनी स्वतः त्वचेचे पोत बनवून इतरांना उपलब्ध करून दिले. डिसेंबर २०२० मधील अपडेटद्वारे खेळात शंभराहून अधिक नव्या छटा व त्या कमी-अधिक गडद करण्याची सोय समाविष्ट करण्यात आली. पूर्वी गडद त्वचेच्या पात्राचे चांगले चित्र मिळवण्यासाठी बाह्य साधनांची गरज भासे. हा बदल मूळ खेळातच झाल्याने कन्सोलवरील खेळाडूंनाही त्याचा लाभ झाला. पुढे ऑक्टोबर २०२१ मध्ये मुंबईतील फॅशन स्ट्रीटवरून प्रेरणा घेतलेला 'फॅशन स्ट्रीट' हा कपड्यांचा संच आला आणि भारतीय पेहरावातील व्यक्तिचित्रांसाठी काही मूळ साधने उपलब्ध झाली.

चित्रकथा

खेळातील चित्रे क्रमाने मांडून कथा सांगण्याची परंपरा पहिल्या भागापासून चालत आली आहे. त्यांपैकी विशेष गाजलेले उदाहरण म्हणजे २००९ मधील 'ॲलिस अँड केव्ह'. ब्रिटनमध्ये खेळरचनेचे शिक्षण घेणाऱ्या रॉबिन बर्किनशॉ यांनी 'द सिम्स ३' मध्ये एक बेघर पिता व त्याची किशोरवयीन मुलगी निर्माण केली. त्यांना पैसा व घर न देता मोकळ्या जागेवर ठेवले आणि पुढे जे घडले ते चित्रांसह लिहिले. पित्याचा स्वभाव तापट व मुलांविषयी तिटकारा असणारा, तर मुलीचा दयाळू पण न्यूनगंडाने ग्रासलेला ठेवला होता. मिळालेली कमाई स्वतःजवळ न ठेवता दान करण्याची ॲलिसची इच्छा हा कथेतील सर्वाधिक चर्चिला गेलेला प्रसंग ठरला. यातील चित्रे तांत्रिकदृष्ट्या साधी आहेत. बाकावर झोपलेली मुलगी किंवा तिच्याकडे पाठ फिरवून चाललेला पिता, असे स्वायत्त पात्रांनी स्वतःहून घडवलेले क्षण नेमके टिपल्यामुळे ती परिणामकारक ठरली.

अन्य खेळांतील स्वरूप

निन्टेंडोच्या 'ॲनिमल क्रॉसिंग: न्यू होरायझन्स' या २० मार्च २०२० रोजी आलेल्या खेळात पात्राजवळील फोनमध्येच कॅमेरा असतो. हार्व या पात्राच्या बेटावर छायाचित्रणासाठी स्वतंत्र स्टुडिओ असून तेथे शेजारी पात्रांना बोलावून हवी तशी मांडणी करता येते. या खेळातील वेळ प्रत्यक्ष घड्याळाप्रमाणे चालते. त्यामुळे सामान्यतः खेळातील संध्याकाळ टिपण्यासाठी प्रत्यक्ष संध्याकाळची वाट पाहावी लागते. 'सेकंड लाइफ' या आभासी जगातील पात्रांची व्यक्तिचित्रे इव्हा व फ्रँको मॅटेस या कलावंत जोडीने २००६ मध्ये कलाकृती म्हणून मांडली. आभासी पात्राचे चित्र हे व्यक्तिचित्र मानावे का, हा प्रश्न त्यामुळे कलाक्षेत्रातही उपस्थित झाला.

स्वामित्वहक्क

चौकट व प्रकाश खेळाडूने निवडलेला असला, तरी चित्रातील पात्रांचे घटक, वस्तू व पोत यांचे स्वामित्व खेळाच्या प्रकाशकाकडे असते. मॉडद्वारे जोडलेल्या वस्तूंबाबत त्या बनवणाऱ्यांच्या अटी लागू होतात. पवित्रे व पोत बनवणाऱ्यांचा नामोल्लेख चित्रासोबत करण्याचा प्रघात खेळाडूंमध्ये रूढ आहे.

हे सुद्धा पहा

द सिम्स
विल राइट
व्यक्तिचित्र
छायाचित्रण